तांब्याच्या तारेचे तीन वेढे

१६ नोव्हेंबर, रविवार

आज मी उंब्रजला पोहोचले नाही. तिथल्या समाजमंदिरात सकाळी नऊपासून एकतीस बायका बसून होत्या, आणि मी विट्याच्या अलीकडच्या चढावर गाडी कडेला घेऊन रडत होते. खरं तेच लिहिते. ही वही कुणी वाचणार नाही. कॉलेजच्या प्रॅक्टिकलची वही आहे, मागची पानं कोरी राहिली होती.

तासगावातून निघाले तेव्हा सगळं ठीक होतं. चढ लागला, मी गाडी दाबली आणि ती थरथरायला लागली. नुसतं स्टिअरिंग नाही, सगळी गाडी. खालून कुणी धरून डावी-उजवीकडे हलवतंय असं वाटत होतं. मागच्या सीटवर डोळ्यांचा नंबर काढायचं मशीन रजईत गुंडाळून ठेवलं होतं, ते आतून खडखडू लागलं. त्यातली भिंगं जागची हलली तर माझं कामच थांबेल. मी परत फिरले.

अंबूबाईंना फोन केला. त्या उंब्रजला शिवणकाम शिकवतात. ज्यांना आता सुई ओवता येत नाही, धान्य निवडता येत नाही अशा बायका त्यांनी घरोघरी फिरून जमवल्या होत्या. त्या रागावल्या नाहीत, त्याचंच जास्त वाईट वाटलं.

"बरं," म्हणाल्या. "डॉक्टरीणबाई, बाया एकदा माघारी गेल्या तर चालतंय. दुसऱ्यांदा गेल्या तर तिसऱ्यांदा यायच्या न्हाईत. आन मीबी बोलवायची न्हाई."

"मी डॉक्टर नाही हो, ऑप्टोमेट्रिस्ट आहे."

"ते काय बी आस. येणार कवा?"

मी सात डिसेंबर सांगितलं. तीन आठवडे आहेत.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

गाडी सांगलीला विश्रामबागेतल्या एका गॅरेजात नेली. मुलाखत घेतल्यासारखे चार प्रश्न विचारले आणि त्यांनी चाकं काढून बॅलन्सिंग करून दिलं. येताना कवलापूरपर्यंत गाडी लोण्यासारखी चालली. मी मनातल्या मनात आभारही मानले. मग उसाच्या ट्रॅक्टरला मागे टाकायला गाडी दाबली, आणि पुन्हा तेच.

अम्मीने दारातूनच माझं तोंड बघितलं आणि काही न विचारता भाकरी वाढली.

१९ नोव्हेंबर, बुधवार

अब्बांचं मत, इंजिनाखालचं रबर गेलं असेल. त्यांनी बॉनेट उघडून बघितलं. रबर चांगलं निघालं. ते मागेपुढे बघत उभे राहिले, मग हात पुसून दुकानात गेले. त्यांना वेळ नाही. द्राक्षाच्या फवारणीचे दिवस आहेत आणि तासगावातले अर्धे ब्लोअर, म्हणजे ट्रॅक्टरमागचे फवारणीचे पंप, दुरुस्तीला त्यांच्या दारात उभे असतात. पाइप फाटलेले, पंप गळणारे. अब्बा पाइप जोडतात तो तांब्याच्या तारेने. तीन वेढे, एक पीळ, आणि टोक आत दुमडलेलं, फवारणाऱ्याच्या हाताला टोचू नये म्हणून. लहानपणी मला वाटायचं की सगळं जग अशाच तारेने बांधलेलं आहे.

ही गाडीही अब्बांचीच. मी दुसऱ्या वर्षाला होते तेव्हा एसटीचा संप झाला. अब्बांनी एका द्राक्ष व्यापाऱ्याची जुनी गाडी घेतली आणि मला रोज विश्रामबागेत कॉलेजला सोडायला लागले. दुकान उघडायचं दहाला, म्हणून सातला निघायचो. मी सगळा रस्ता पुस्तकात डोकं घालून बसायचे. एकदा एक आख्खा रविवार ते गाडीखाली होते. मला वाटतं प्रॅक्टिकलच्या आदल्या दिवशी. काय झालं म्हणून मी विचारलंही नाही. संप मिटला, मी पुन्हा बसने जाऊ लागले आणि गाडी शेडमध्ये उभी राहिली. पदवी झाली, आमच्या घरातली पहिली, तेव्हा अब्बांनी किल्ली माझ्या हातात दिली. गेल्या दिवाळीपासून मी गावोगाव फिरते.

संध्याकाळी अंबूबाईंचा फोन. "आमच्या मालकांस्नी देते. ते फौजंत गाड्याच दुरुस्त करत हुते. बोल त्यांच्याशी."

नाथाजी काका. हवालदार होते, लष्कराच्या वर्कशॉपमध्ये चोवीस वर्षं. मी सांगायला लागले की गाडी अशी हलते, तशी हलते. त्यांनी मध्येच थांबवलं.

"ताई, आसं न्हाई. किती स्पीडला? कुठल्या गेरात? चढ का सपाट? लोड किती? दाबल्यावर का सोडल्यावर?"

मला एकाचंही उत्तर आलं नाही. मी, जी तीन वर्षं निरीक्षणं नोंदवायला शिकले.

"फौजंत परत्येक गाडीला बुक आसतं," काका म्हणाले. "तिचं दुखणं तिच्या बुकात. तुमी आठवडाभर लिवा, मग बोलू. आन एक नियम. बुकात खोडायचं न्हाई. चुकलं तर एक रेघ मारायची, वाचता यील आशी, शेजारी सही, आन खरं काय ते पुढं लिवायचं. ज्यानं चूक लपिवली त्याच्या गाडीत मी कवा बसलो न्हाई."

मला हा नियम फार आवडला. यापुढे ही वही गाडीचंही बुक आहे.

२० नोव्हेंबर, गुरुवार

रिकामी गाडी, मी एकटी, मणेराजुरी रस्ता. चाळीसपर्यंत काही नाही. पंचेचाळीस ते साठ, हळू दाबलं तर हलकी थरथर. साठच्या वर कमी. ब्रेक लावताना काही नाही.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

भरलेली गाडी हवी होती. नमाजनंतर अब्बा दुकानात, म्हणून अम्मी पुढे बसली आणि मागे शेजारच्या दोघी. अम्मीने हातात तसबीहची माळ घेतली, म्हणजे माझ्या गाडी चालवण्यावर तिचा किती भरवसा आहे ते कळलं. त्याच रस्त्यावर थरथर दुप्पट. मागच्या दोघींचं हसणं थांबेना. "अगं, पाळण्यात बसवलंस का आम्हाला!"

मी वेग बघत होते, गेअर बघत होते. अम्मी काहीच बघत नव्हती. ती म्हणाली, "दाबलंस की थरथरते, पाय काढलास की गप्प. आपल्या घरच्या माणसासारखी आहे."

मी पाय काढला. गप्प. दाबला. थरथर. पाच वेळा केलं. वेग तोच, रस्ता तोच, फरक फक्त पायाचा.

अम्मी चौथीपर्यंत शिकली. नोंद: निरीक्षण क्रमांक चार, शकिला मुजावर यांचं.

२३ नोव्हेंबर, रविवार

बेदाण्याच्या शेडसमोरच्या मोकळ्या जागेत गाडी गोल गोल फिरवली. काकांनी फोनवर सांगितलं होतं, स्टिअरिंग पूर्ण वळवून आधी डावीकडे, मग उजवीकडे, आणि बाहेर कुणीतरी कान देऊन चालायचं. अब्बा चाकाबरोबर चालले. तिथे राखणीला बसलेल्या आजोबांनी विचारलं, "काय शाहनवाज, पोरगीला मळणी शिकवतुयस व्हय?"

"व्हय, आणि बैल मी," अब्बा म्हणाले.

टकटक असा आवाज कुठेही आला नाही. ना डावीकडे, ना उजवीकडे.

२४ नोव्हेंबर, सोमवार

काकांना सगळी पानं वाचून दाखवली. शेवटी म्हणाले, "शाब्बास. निदान झालं. एक्सलचा आतला जॉइंट."

त्यांनी समजावलं ते असं. इंजिनाची ताकद चाकाला नेणारा दांडा म्हणजे एक्सल. त्याला दोन सांधे. चाकाकडचा बाहेरचा, तो गेला तर वळताना टकटक वाजतो. गिअरबॉक्सकडचा आतला, त्यात एक वाटी, वाटीत तीन खाचा, आणि खाचांत फिरणारे तीन रोलर. खाचा झिजल्या की जोर आल्यावर रोलर अडखळतात आणि गाडी हलते. पाय काढला की जोर नाही, म्हणून गप्प. माणसाच्या सांध्यासारखंच. मला इतका आनंद झाला की जणू मीच शोध लावला.

"आता खाली वाकून बूट बघा," काका म्हणाले. सांध्यावर रबराचं आवरण असतं, त्याला बूट म्हणतात. आत ग्रीस राहावं आणि धूळ जाऊ नये म्हणून.

मी आयुष्यात पहिल्यांदा गाडीखाली गेले. अब्बांनी बॅटरी धरली. उजवीकडचा बूट ठीक. डावीकडचा फाटलेला होता, आणि त्यावर सायकलची ट्यूब गुंडाळून बारीक तारेने बांधलेली. कडेने पिवळं ग्रीस पाझरत होतं.

मला रागच आला. तिथूनच ओरडले, "बघा अब्बा! आधीच्या मालकाने काय करून ठेवलंय! कुणीतरी अडाणी माणसाने ट्यूब गुंडाळून काम भागवलंय. आपल्याकडे हेच होतं. शिकायचं नाही, विचारायचं नाही, नुसतं बांधून टाकायचं."

अब्बांचा हात अवघडला असावा, उजेड हलला. मी म्हटलं, नीट धरा ना. त्यांनी नीट धरली.

२६ नोव्हेंबर, बुधवार

आज दुकान बंद ठेवून अब्बा स्वतः सांगलीला गेले आणि आतल्या जॉइंटचा सेट घेऊन आले. ऐन फवारणीत दुकान बंद! मी म्हटलं, मी गेले असते. "नको," म्हणाले, "नीट बघून आणायचा होता." तीन दुकानं फिरले म्हणे. रात्री जेवताना अम्मीने दोनदा विचारलं की काय झालंय, तर म्हणाले, डोकं चढलंय, ऊन होतं.

नोव्हेंबरात कसलं ऊन. वय होतंय त्यांचं. त्यांनी माझ्यासाठी किती केलंय, आणि मी साधा चहासुद्धा नीट करून देत नाही.

३० नोव्हेंबर, रविवार

हे सगळं लिहिलंच पाहिजे, बोटं काळी आहेत तरी.

नाथाजी काका सकाळच्या एसटीने आले. उंच, वाळलेले, खांद्याला कॅनव्हासची पिशवी, तिच्यात एकेक पाना कापडात गुंडाळलेला. म्हणाले, "मला कुणी बोलिवलं न्हाई, मला पाठिवलंय. घरातनं हुकूम झालाय, गाडी हुस्तवर तोंड दाखवू नका."

"मग आमीबी सावकाश करू," अब्बा म्हणाले. "तुमास्नी तेवढाच आराम."

दोघांचं लगेच जमलं. मी पोतं अंथरेपर्यंत ते दारातले ब्लोअर बघत, गाडीबद्दल बोलत उभे होते.

गाडी जमिनीवर असतानाच चाकाच्या मधलं मोठं नट सैल करायचं असतं. अब्बा ब्रेक दाबून आत बसले. नट हलेना. पान्याला लांब पाइप लावला, तरी हलेना. मग मी पाइपवर उभी राहिले. कडक असा आवाज झाला, मला वाटलं काहीतरी मोडलं.

"मोडलं न्हाई, उघाडलं," काका म्हणाले. "बघा शाहनवाजभाई, ग्रॅज्युएट पोरगीचं वजन आसं पडतंय."

जॅक लावल्यावर अब्बा नुसत्या लाकडी ठोकळ्यावर भागवायला निघाले होते, काकांनी ऐकलं नाही. ब्लोअर उभा करायच्या लोखंडी घोड्या आणून खाली लावल्या, हाताने गाडी ढकलून बघितली, मगच खाली गेले. चाक काढलं, गिअरबॉक्सचं ऑइल भांड्यात काढून घेतलं, चाकाचा खालचा सांधा सोडवून चाक ज्यावर बसतं तो हब बाजूला झुकवला आणि एक्सल पहारीने अलगद उचकटून बाहेर काढला. एक्सल हातात घेतल्यावर कळलं, केवढा लहान आहे. माझ्या हातापेक्षा थोडा लांब. यावर माझ्या एकतीस बायका अडल्या होत्या.

काकांनी तो पोत्यावर ठेवला. तार कापायला पकड घेतली आणि थांबले. तार बोटाने फिरवून बघितली. मग अब्बांकडे बघितलं. अब्बा दुसरीकडे बघत होते. मग काकांनी तार कापली, तिचं कडं न मोडता पोत्याच्या कोपऱ्यात ठेवलं.

आतून पिवळं, पातळ झालेलं ग्रीस निघालं. काकांनी वाटी पुसून माझ्या हातात दिली. "नख फिरवा खाचंतनं."

फिरवलं. दोन खाचांत गुळगुळीत गेलं. तिसरीत अडलं. बारीकशी पायरी, डोळ्याला दिसतही नव्हती. विट्याचा तो सगळा चढ माझ्या एका नखाखाली आला.

"झिजली कशानं?"

"ग्रीसनं. हे बेअरिंगचं ग्रीस, ब्लोअरला, ट्रॅक्टरला भरत्यात ते. ह्या सांध्याला काळं लागतंय."

मला परत बोलल्यावाचून राहवलं नाही. म्हटलं, "म्हणजे करणाऱ्याला एवढंही माहीत नव्हतं! विचारायचं होतं कुणाला तरी."

काका रोलर पुसत राहिले. मग सावकाश म्हणाले, "ताई, ग्रीस चुकलं. बांधणी न्हाई चुकली. चार वर्सं ह्या बांधणीनं धुळीचा कण आत जाऊ दिला न्हाई. मी फौजंत कंपनीच्या क्लिपा सा महिन्यांत सुटलेल्या बघितल्यात. ज्यानं हे केलं त्याला त्यादिवशी गाडी चालवायचीच हुती, एवढं दिसतंय."

चार वर्षं हे त्यांना कसं कळलं, देव जाणे. अनुभवी माणूस ग्रीसच्या रंगावरून सांगत असेल.

अब्बा चहा आणायला आत गेले. बराच वेळ लागला, आणि आणला तो बिनसाखरेचा. काकांनी तो दोनदा मागून प्यायला.

मग जोडणी. तीन रोलर ज्याच्या तीन टोकांवर फिरतात त्या भागाला तारा म्हणतात; जुना तारा काढण्याआधी दांड्यावर पंच ठोकून खूण, म्हणजे नवा तसाच बसेल. आधी बूट ओवायचा, मग तारा, मग लॉक. मी आधी तारा ओवला आणि बूट हातातच राहिला. काका म्हणाले, "आता पँटीवरनं चड्डी घालणार का?" अब्बा एवढे हसले की त्यांना खाली बसावं लागलं. आज दिवसभरात पहिल्यांदाच हसले. सगळं परत काढलं. काळं ग्रीस पिशवीतून पिळून वाटीत भरलं, बुटाची कड स्क्रू ड्रायव्हरने उचलून आतली हवा सोडली. बुटाची मोठी क्लिप बसली. लहान क्लिप आवळताना तुटली.

रविवार. सांगलीची दुकानं बंद. मी घाबरले.

काका म्हणाले, "शाहनवाजभाई, हितं तुमची तार चालंल."

अब्बा हलले नाहीत. "नको. कंपनीची क्लिप आणू उद्या."

"क्लिप मिळंल तवा मिळंल. मला हितं तारच पायजे. तुमच्या हातची."

अब्बांनी दुकानातून तार आणली. इतकं सुबक बांधलं, मी बघतच राहिले. एकही वेढा दुसऱ्यावर चढला नाही. काकांनी बोट फिरवून बघितलं आणि नुसती मान हलवली.

एक्सल गिअरबॉक्समध्ये खट् करून बसला. नवं ऑइल. नवं नट, आवळून पंच मारलेलं. नव्या-जुन्या सगळ्या माणसांचे आभार.

१ डिसेंबर, सोमवार

मणेराजुरी रस्ता. भरलेली गाडी, अम्मी पुढे. चाळीस, पन्नास, साठ. दाबलं, सोडलं, दाबलं. काही नाही. अम्मीने तसबीह आणलीच नव्हती.

७ डिसेंबर, रविवार

विट्याच्या अलीकडचा चढ तिसऱ्या गेअरमध्ये, मशीन भरलेलं, चष्म्यांच्या दोन पेट्या, बाजूला अब्बा. ते डोळे मिटून बसले होते. मला वाटलं झोपले. चढ संपल्यावर म्हणाले, "नाही हलली."

उंब्रजला सव्वीस बायका आल्या. पाच जणी आल्या नाहीत, त्यांच्याकडे पुढच्या वेळी मीच घरी जाणार. दुपारी अंबूबाईंना जवळचा चष्मा लावला. त्यांनी आधी स्वतःच्या हाताकडे बघितलं, मग उंबऱ्याशी उभ्या असलेल्या काकांना जवळ बोलावून निरखलं.

"आगं बया, हा माणूस एवढा म्हातारा कवा झाला?"

"तू बघत न्हवतीस तवा," काका म्हणाले. बायका इतक्या हसल्या की मला तपासणी थांबवावी लागली.

निघताना काकांनी एक पुडी दिली. "काढलेला माल मालकाला परत. फौजंचा नियम." जुनी वाटी, आणि ट्यूबवरच्या तारेचं ते कडं. त्यांनी पुसून ठेवलं होतं.

८ डिसेंबर, सोमवार

सकाळी पुडी उघडून दुकानाच्या फळीवर ठेवली, वाटी अब्बांना दाखवायला. शेजारी एका ब्लोअरचा जोडलेला पाइप होता, मालक न्यायला यायचा होता. तांब्याची तार. तीन वेढे, एक पीळ, टोक आत दुमडलेलं.

कडं हातात घेतलं. तीन वेढे, एक पीळ. टोक आत दुमडलेलं.

अब्बा पंपावर वाकून काम करत होते, पाठ माझ्याकडे. प्रॅक्टिकलच्या आदल्या दिवसाचा तो रविवार. बस नव्हती. गाडीखाली ते, आणि आत मी, डोळ्याच्या आकृत्या पाठ करत. दुसऱ्या दिवशी सातला निघालो आणि साडेआठच्या आत मी प्रयोगशाळेत होते.

कडं परत पुडीत ठेवलं. विचारलं असतं तर त्यांना उत्तर द्यावं लागलं असतं. चहा केला, साखर घालून. त्यांनी एक घोट घेतला आणि म्हणाले, "आज काय, सण आहे का?"

आता वही उघडली आहे. चोवीस नोव्हेंबरच्या पानावर "आधीच्या मालकाने" आणि "अडाणी" या दोन्हींवर एकेक रेघ मारली. दोन्ही वाचता येतात. शेजारी सही केली, म. शा. मुजावर. आणि पुढे खरं ते लिहिलं:

डावा आतला जॉइंट, बूट फाटलेला. तात्पुरती दुरुस्ती: शाहनवाज मुजावर, तासगाव. एसटी संप. त्यानंतर गाडी रस्त्यात एकदाही थांबली नाही. मुलगी वेळेवर पोहोचली.